डावखुऱ्यासाठी अंगाई

"कालची ती अंगाई तुम्हीच वाजवलीत ना?"

दारात तो उभा होता. चिंब भिजलेला, टोपीच्या टोकावरून पाणी ठिबकतंय... आणि चेहऱ्यावर राग आणायचा अगदी फसलेला प्रयत्न!

सत्त्याऐंशीचा जुलै होता तो. पावसानं बेसबॉलचा सामना थांबला होता. खाली मैदानावर ताडपत्री पसरलेली, लोक हॉट डॉग खात छपराखाली दाटीवाटीनं उभे, आणि वरच्या छोट्याशा खोलीत मी ऑर्गनसमोर; खेळाच्या मधेमधे सूर वाजवायचं काम माझं.

"हो, मीच," मी म्हटलं. "दोन चेंडूंच्या मध्ये तुम्ही इतका वेळ लावता... मला वाटलं, डोळा लागला असेल."

शेजारी माइकवर सामन्याचं निवेदन करणारे ऑर्व्हिलकाका खो खो हसले.

"मी विचार करत असतो!" तो म्हणाला. "हातात पूर्वीचा वेग नाही राहिला. मग डोकं वापरायला लागतं."

"बरं झालं सांगितलंत. लांबून कळत नाही तसं."

आता मात्र तो हसला. हसताना त्याचा एक दात दुसऱ्यावर किंचित चढलेला दिसे. मी उगाचच ऑर्गनच्या पट्ट्या पुसायला घेतल्या.

एमेट काल्डर. आमच्या हेरन्स संघाचा डावखुरा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा. केंटकीतल्या कोळशाच्या गावचा. शाळेत होता तेव्हाच त्याचे चेंडू बघायला मोठ्या संघांची माणसं यायची म्हणे. मग कोपर गेलं. शस्त्रक्रिया झाली, वेग गेला, आणि उरली ती बस, स्वस्तातली मॉटेलं, एका छोट्या गावातून दुसऱ्या छोट्या गावात. मिसिसिपीकाठच्या आमच्या गावात विशीतली पोरं येत, मोठ्या लीगकडे डोळे लावून. हा तेहतिशीचा. मोठ्या लीगमध्ये एक चेंडूसुद्धा न टाकलेला.

त्या दिवसापासून मी त्याला नीट बघायला लागले. काय टाकायचा तो! बॅटर बॅट फिरवून मोकळा व्हायचा, आणि चेंडू मागून निवांत यायचा, फेरफटका मारायला निघाल्यासारखा. आणि सामना संपला की हाच माणूस त्या विशीतल्या पोरांना चेंडू कसा धरायचा ते शिकवत बसायचा.

"सगळं शिकवून टाकतोस," एकदा नदीकाठी फिरताना मी म्हटलं. एव्हाना आम्ही 'अहो-जाहो'वरून 'अरे-तुरे'वर आलो होतो. "उद्या तुझीच जागा घेतील ती."

"घेऊ देत ना. पण वाईट चेंडू टाकून नको."

तो डाव्या हातानं कधी पिशवी उचलायचा नाही, दार ढकलायचा नाही. त्या संध्याकाळी धक्क्याच्या पायऱ्या उतरताना मात्र त्यानं तोच हात पुढे केला.

"हा मी कुणाला देत नाही," तो म्हणाला.

मी तो जपून धरला...

ऑगस्टच्या शेवटी सामना चालू असतानाच प्रशिक्षकांनी त्याला बाजूला घेतलं, कानात काहीतरी सांगितलं आणि कडकडून मिठी मारली. मैदानातली पोरं टोप्या उडवायला लागली. मला वरूनच कळलं — मोठ्या संघाचं बोलावणं! त्यांचा कुणी पिचर जखमी झाला होता.

तो बुटांचे खिळे वाजवत जिना चढून वर आला. धापा टाकत.

"ग्रेटा, मला तुला काहीतरी—"

"आल्यावर सांग. विमान चुकेल. जा ना!"

तो गेला. ऑर्व्हिलकाकांनी मला त्यांचा रुमाल दिला.

दुसऱ्या दिवशी काकांच्या घरी आम्ही टीव्ही लावला. एमेटचा पहिलाच चेंडू बॅटरनं थेट प्रेक्षकांत भिरकावला. होमरन! काकांनी डोळे झाकून घेतले. आणि एमेट? त्यानं टोपी काढली, कपाळ पुसलं आणि चक्क हसला. मग घेतला त्यानं वेळ... घेतला, घेतला... आणि पुढचे तीन बॅटर ओळीनं बाद. शेवटच्यानं इतक्या लवकर बॅट फिरवली की आधी सगळं स्टेडियम हसलं, आणि मग उभं राहिलं. त्याच्यासाठी! मी ढसाढसा रडले.

ते त्याला ठेवून घेणार, हे उघडच होतं. हॉटेलातून फोन यायचे, हळूहळू कमी झाले. गेला तो, मी स्वतःला बजावलं. जायलाच हवा होता.

ऑक्टोबरात एका दुपारी मी चर्चमध्ये रविवारचा सराव करत होते; तिथला ऑर्गनही मीच वाजवायचे. दार वाजलं. कोट घातलेला एमेट ऑर्गनपाशी येऊन थांबला.

"पुढच्या वर्षाचा करार दिलाय त्यांनी," तो म्हणाला.

"अभिनंदन," मी म्हटलं.

"त्या दिवशी काय सांगायचं होतं, ते विचारलं नाहीस."

"काय होतं?"

"की या हंगामानंतर मी खेळ सोडतोय, आणि मला तुझ्याशी लग्न करायचंय."

"आणि आता?"

"आता खेळ सोडत नाहीये..." त्याचे कान लाल झाले. "तरी करायचंय. फेब्रुवारीत सरावाला जाईन, शरदात हंगाम संपला की येईन. मधे तू चिडशील. चिड. पण हो म्हण."

मी बाकावर सरकले, त्याच्यापुरती जागा केली.

"हो," मी म्हटलं. "पण आधी आईला भेट. ती बेसबॉल बघत नाही. तिच्या लेखी तू नुसता एक उंच माणूस."

"चालेल की!"

त्या रविवारी प्रार्थनेच्या वेळी मी दोनदा चुकीचे सूर वाजवले. कुणाच्या लक्षातही आलं नाही. सगळं गाव वळून वळून मागच्या रांगेकडे बघत होतं — माझ्या आईशेजारी अंग चोरून बसलेल्या त्या उंच माणसाकडे.