चष्मेवाल्याची कमान

"हातोडा खाली ठेवा."

शिडीवरचा चष्मेवाला दचकला. खाली एक मुलगी उभी होती – केसांत भुरभुरत्या पावसाचे थेंब, नजर थेट त्याच्या खिडकीच्या कमानीवर.

"दुकान माझं, खिडकी माझी," तो म्हणाला.

"पण गल्ली जुनी आहे. परवानगीशिवाय इथली वीटसुद्धा हलवता येत नाही. नगरपालिकेतर्फे मीच बघते हे."

"म्हणजे परवानगी तुमच्याकडे मागायची?"

"मागा ना. मी नाहीच म्हणणार."

तो हसला... आणि मुकाट्याने खाली उतरला.

लाकडी सज्जे, जाड भिंती आणि आत कायमचा अंधार. ती गल्ली बघायला छान होती, धंद्याला नाही. कमान पाडून मोठी काच बसवली, तर येणाऱ्या-जाणाऱ्याला दुकान दिसेल, एवढाच त्याचा हिशोब होता.

त्यानंतर तिची तपासणी वरचेवर होऊ लागली.

"आज काय, तडा?"

"बघायला नको?"

"कमान ठणठणीत आहे. माझंच काही खरं नाही."

ती गालातल्या गालात हसायची. एकदा त्याने तिचे डोळे तपासले. चष्म्याची काडी कानामागे बसवताना त्याची बोटं क्षणभर तिथेच रेंगाळली... समोरच्या शिंपीकाकांनी खाकरून मान फिरवली. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, दोघांनाही कळलं नाही.

गिऱ्हाईक मात्र नव्या बाजाराकडे वळलं होतं. एका दुपारी तो म्हणाला, "कमानीला हात लावत नाही. दाराशेजारी छोटी काच बसवतो. तुझ्या साहेबांकडे शब्द टाकशील?"

हे होण्यासारखं होतं, तिला कळत होतं. पण लोक म्हणतील, आपल्या माणसासाठी नियम वाकवला.

"नियम सगळ्यांना सारखा," ती म्हणाली. "आणि ही गल्ली सोडून तुला करमणार आहे का कुठे?"

तो हातातलं भिंग नुसतं पुसत राहिला.

पाऊस ओसरला, आणि शिंपीकाकांचा निरोप आला. ती धावत पोचली, तेव्हा टेम्पोत खोकी चढत होती.

"मला सांगितलंही नाहीस?"

"भाऊजींनी त्यांच्या गावात दुकान बघितलंय. मी शब्द देऊन बसलो." त्याने हातातलं खोकं खाली ठेवलं. "काच नाही मिळाली, त्याचं काही नाही गं. माझ्यासाठी तू एकदा विचारून बघावंस... एवढंच वाटलं होतं."

"मला तू आवडतोस," ती कशीबशी म्हणाली. "पहिल्या दिवसापासून."

"माहीत आहे. मलाही..." त्याने तिच्याकडे नीट पाहिलं. "येतेस?"

घरी एकटी आई होती, नोकरी होती. ती एक पाऊल मागे सरली. त्याने जास्त ताणलं नाही. टेम्पो वळणाआड गेला.

दुसऱ्या दिवशी तिने साहेबांना, उगाचच, दाराशेजारच्या काचेचं विचारलं.

"कमान शाबूत राहते ना? मग बसवू दे की," साहेब म्हणाले. "आधी का नाही विचारलंस?"

"राहून गेलं," ती म्हणाली.