इर्मानं मान वळवली

भूत म्हटलं की लोक आधी रात्र विचारतात. हे भर दुपारी घडलं. बर्लिनमध्ये, वायसेन्सेच्या स्टुडिओत, दिव्यांच्या लखलखाटात. मी तिथे होते. ज्याला खोटं वाटेल त्याला खुशाल वाटू दे.

मी ओटिली. तेव्हा नटनट्यांचे चेहरे रंगवायचे. मूकपटांचा जमाना होता. त्या वेळच्या फिल्मवर लाल रंग काळा उमटायचा, म्हणून आम्ही सगळ्यांना पिवळट-हिरवा रंग फासायचो. पडद्यावर देखणी दिसणारी माणसं समोर पाहिली तर कावीळ झाल्यासारखी दिसत. डोळ्यांना सवय होऊन जाते.

त्या सवयीनंच घात केला.

माझी मावसबहीण इर्मा त्या दिवशी सकाळपासून शवपेटीत पडून होती. सिनेमातली मेलेली नवरी. अंगात सणसणून ताप. पण दिग्दर्शक टॅनहाइमनं तिला बजावलं होतं, "मी सांगेन तेवढंच हलायचं. एरवी पापणी जरी हलली तर उद्यापासून घरी बस."

हा टॅनहाइम... आजही नाव घेतलं की तोंड कडू होतं. पावात खारवलेला मासा आणि कच्चा कांदा घालून दिवसभर चरत राहायचा आणि त्याच ओशट बोटांनी मुलींच्या हनुवट्या वळवायचा. मग मी मागून ते तेल टिपत फिरायचे. शी!

फिल्मवर आवाज येतच नसे, त्यामुळे कॅमेरा चालू असतानाही तो कर्ण्यातून ओरडून हुकूम सोडायचा.

जेवणाची सुट्टी झाली तरी इर्मा उठली नाही.

"पडू दे तिला," टॅनहाइम म्हणाला. "आज कुठे जरा अभिनय जमायला लागलाय."

सगळे हसले.

सुट्टीनंतर कॅमेरा पुन्हा फिरू लागला.

"इर्मा, मान डावीकडे. हळू..."

मान डावीकडे वळली. हळू.

"डोळे उघड."

डोळे उघडले.

"आता माझ्याकडे बघ... वा!"

शॉट संपला. रंग सारखा करायला मी पेटीवर वाकले. तिच्या गालाला हात लावला...

गार.

त्या दिव्यांखाली आम्ही सगळे घामानं निथळत होतो. तिच्या कपाळावर एक थेंब नव्हता. मी नाकाशी बोट धरलं... काहीच नाही.

डॉक्टर आले. बराच वेळ तपासत राहिले.

"हृदय थांबलंय," ते म्हणाले. "पण ही सकाळीच गेलीय. मान बघा, लाकूड झालीय."

"असं कसं? आत्ता तिनं मान वळवली!" कॅमेरामन ब्रुनो म्हणाला. "मी कॅमेऱ्यातून बघितलंय!"

डॉक्टरांनी त्याच्याकडे नीट पाहिलं. "घरी जा आणि झोप काढा," एवढंच म्हणाले आणि बॅग उचलून गेले.

निरोप मिळाला तशी मावशी धावत आली. लोकांचे कपडे धुवायची ती. हात अजून ओलेच होते. मी इर्माचा चेहरा पुसत होते. रंग काढला... खाली पुन्हा पिवळट-हिरवा. पुन्हा पुसला, पुन्हा तेच. मग लक्षात आलं, रंग कधीच निघून गेला होता.

तेवढ्यात टॅनहाइम आला. तोंडात घास.

"बाई, फार वाईट झालं. फक्त एकच शॉट राहिलाय, जवळून. तेवढा घेतो, मग न्या हिला."

मावशी थुंकली. सरळ त्याच्या कोटावर.

"ओटी, पाय धर पोरीचे. या डुकराच्या खुराड्यात एक क्षण ठेवायची नाही हिला."

मी पाय धरले, मावशीनं खांदे. चादरीत गुंडाळून दारापर्यंत आणली.

"इर्मा!" मागून कर्णा गरजला. "इकडे बघ."

आणि मावशीच्या छातीला टेकलेली ती लाकडासारखी मान... वळली.

डोळे उघडले. त्याच्याकडे लागले.

मावशी ओरडली नाही. ज्याच्यावर थुंकली होती, त्याच माणसाची ती विनवणी करू लागली.

"साहेब, तुमचंच ऐकते ना ती? मग सांगा तिला. संपलं म्हणावं. झोप म्हणावं, बाळा. एवढं एकदा सांगा हो!"

टॅनहाइमनं ब्रुनोकडे पाहिलं.

"फिरतोय ना कॅमेरा?"

फिरत होता.

इर्माशी तो एक शब्द बोलला नाही. तिची मान पुन्हा सरळ झाली नाही. तशीच पुरली आम्ही तिला.

तो शॉट सिनेमात आला. लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या म्हणे. वर्तमानपत्रांनी त्याला जादूगार म्हटलं आणि पुढे तो सिनेमावर सिनेमे काढत राहिला. मी ते काम सोडलं. त्याचं पोस्टर दिसलं की मी रस्ता बदलायचे.

गेल्या हिवाळ्यात तो मेला.

मावशी आता थकलीय, डोळ्यांनाही कमी दिसतं. दर रविवारी मी तिला इर्माच्या कबरीवर घेऊन जाते. ती फुलं उभी लावते, माती हातानं दाबते. आम्ही निघतो. फाटकाशी वळून पाहिलं की...

फुलं कलंडलेली असतात. वारा नसतो. सगळी एकाच बाजूला.

हे हिवाळ्यापासून सुरू झालंय.

"कूस बदलली असेल पोरीनं," मावशी म्हणते. "झोप लागली बघ तिला."

मी हो म्हणते. त्या बाजूला कुणाला पुरलंय, ते मी तिला सांगितलेलं नाही.