गंधभय

पिंजऱ्याच्या जाळीला नाक लावून सोनकी बसली होती. इरावती केळुसकरने कडीकडे हात नेला आणि तो वीतभर अंतरावर थांबला. तीन वर्षं हीच मांजर तिच्या उशाशी झोपत आली होती, आणि आता तिचा नुसता वास आला तरी इरावती मागे सरत होती.

प्रयोगशाळेच्या दाराला कुलूप नव्हतं. त्याची गरजही नव्हती. शिंपणे बेटाच्या चारी बाजूंना समुद्र होता, आणि किनाऱ्यावरून हुकूम आला होता, की माणूस असो वा जनावर, बेटावरून कोणीही हलायचं नाही. त्याला आता चार महिने होत आले होते.

हे सगळं सुरू झालं ते मांजरांचा जीव वाचवण्यासाठी. इथलं दीपगृह स्वयंचलित झालं तेव्हा तिथली कुटुंबं किनाऱ्यावर राहायला गेली आणि पाळलेली मांजरं मागे सोडून गेली. काही वर्षांत त्यांची साठ झाली. दर उन्हाळ्यात हजारो सुरय पक्षी बेटावर येत आणि उघड्या वाळूत अंडी घालत. पिढ्यान्‌पिढ्या या पक्ष्यांनी जमिनीवरचा शिकारी पाहिलाच नव्हता, त्यामुळे मांजर अगदी जवळ आलं तरी ते हलत नसत. एका हंगामात मोजून सतरा पिल्लं उडाली. पक्षीतज्ज्ञ नझीर मुकादम यांनी सरळ लिहून दिलं, की मांजरं मारल्याशिवाय इलाज नाही.

इरावतीचा विषय परजीवी जंतूंचा. तिने वेगळी वाट सुचवली.

“मांजराच्या आतड्यात एक परजीवी वाढतो,” तिने नझीरना समजावलं होतं. “विष्ठेतून तो बाहेर पडतो, उंदराच्या पोटात गेला की मेंदूत जाऊन बसतो. मग उंदराला मांजराच्या वासाची भीती वाटेनाशी होते. तो आयता तोंडी सापडतो आणि परजीवी पुन्हा मांजरात पोचतो. मी हे काम उलटं केलंय. माझा जंतू भीती घालवत नाही, भीती घालतो.”

“आणि तो बेटाबाहेर गेला तर?”

“जाईल कसा? वाढतो फक्त मांजराच्या आतड्यात. बाहेरच्या मांजरात शिरायला त्याला इथलं भक्ष्य लागेल. ज्याच्यात हा जंतू आहे, ते भक्ष्य मांजराच्या वाऱ्यालाही उभं राहणार नाही. साखळी तिथेच तुटते.”

नझीरना ते पटलं. भयजंतू हे नावही त्यांनीच दिलं.

मांजरांना बेटावरच्या संशोधन केंद्रातून जंतू घातलेली मासळी मिळू लागली. त्यांच्या विष्ठेतून वाळूत आणि वाळूतून पक्ष्यांच्या पोटात जंतू गेले. पहिल्या हंगामातच मांजराचा वास आला की सुरयांचे थवेच्या थवे कलकलाट करत उठू लागले, वरून चोची मारू लागले. दुसऱ्या हंगामात पिल्लांनी किनारा पांढरा झाला. नझीर पूर्ण सकाळ नुसते बघत बसून राहिले होते.

त्याच हंगामाच्या शेवटी एका पहाटे इरावती किंचाळून उठली, कारण सोनकी अंगावर चढली होती. चार दिवस तिने दमणुकीवर टाकलं. पाचव्या दिवशी स्वतःचं रक्त तपासलं. मूळ परजीवी माणसात निमूट पडून राहतो, म्हणून आपलाही तसाच राहील असं तिने धरलं होतं. तो राहिला नव्हता. तिने लगेच किनाऱ्याला कळवलं, आणि बंदीचा हुकूम आला.

मेंदूत बसलेल्या जंतूवर औषध नाही, हे तिच्याइतकं कोणाला ठाऊक असणार? ही भीती माझी नाही, असं ती रोज स्वतःला बजावत असे. शरीर ऐकत नसे. मांजरांना खायला घालायचं काम नझीरकडे गेलं. त्यांच्या घरात पूर्वीपासून मांजरं होती, मूळ परजीवीची लागण लहानपणीच होऊन गेली होती आणि त्या जुन्या लागणीनेच त्यांना भयजंतूपासून वाचवलं होतं. ज्यांनी साठ मांजरं मारायला सांगितली होती, तेच आता सोनकीच्या कानामागे खाजवत बसत. ते बघून इरावतीला रडू येई आणि कापरंही भरे.

आठवड्यातून एकदा तिला घरी फोन करता येई. तिची नऊ वर्षांची मुलगी रेवा किनाऱ्यावरच्या गावात आजोबांकडे राहत होती. त्या दिवशी फोन आजोबांनीच घेतला आणि तक्रार केली. पोरगी घरच्या मांजरीला, भुरीला, आत येऊ देत नाही, जेवायला बसत नाही, काय झालंय ते सांगत नाही. मग त्यांनी फोन रेवाकडे दिला.

इरावतीने हळूहळू विचारलं, भुरीने ओरबाडलं का, ती चावली का. तसं काहीच झालं नव्हतं.

“मी तिला दगड मारला, आई,” रेवा शेवटी म्हणाली. “मला मारायचा नव्हता.”

भुरीने एवढ्यात काही धरून आणलं होतं का, असं इरावतीने विचारलं. रेवा म्हणाली, पावसात समुद्रावर पांढरे पक्षी वाहून आले होते. भुरीने त्यातलाच एक आणून खाल्ला. धरला नाही काही, तो मेलेलाच होता.

मेलेला पक्षी कशाला भिईल? जिवंत भक्ष्याचा तिने सगळा विचार केला होता. दमून समुद्रात पडणाऱ्या, लाटांबरोबर किनाऱ्याला लागणाऱ्या पक्ष्याचा विचार तिच्या मनाला शिवला नव्हता. भयजंतू भुरीच्या आतड्यात वाढून रेवापर्यंत पोचला होता.

फोन ठेवून तिने नझीरना सगळं सांगितलं. दोन वर्षांत किती पक्षी उडाले, असं विचारलं.

“बारा हजार,” नझीर म्हणाले. मग त्यांनी स्वतःच पुढचं सांगितलं. काही श्रीलंकेकडे जातात, काही अरबस्तानाकडे, काही पार आफ्रिकेपर्यंत.

इरावतीने मान हलवली. जिथे जिथे लोक मांजरं पाळत होते, तिथे ती आता दाराबाहेर हाकलली जाणार होती, आणि हाकलणाऱ्यांना आपण असं का करतोय ते कळणार नव्हतं.

“किनाऱ्याला कळवा, बंदीचा आता उपयोग नाही,” ती म्हणाली. “आणि माझ्यासाठी बोट मागवा. तो दगड तिने मारलेला नाही, हे रेवाला मीच सांगायला हवं.”