पळसदरीला माणूस चढणार हाय

ही हकिगत जिच्यावर गुदरली ती बाई अजून दहिवलीत राहते. रोज सकाळी भाजीवाल्याशी भांडते आणि कोथिंबिरीची काडी फुकट घेतल्याशिवाय हलत नाही. म्हणजे डोकं अगदी ठिकाणावर आहे.

हे आधीच सांगून ठेवलेलं बरं... कारण पुढचं ऐकून लोक पहिली शंका तिथंच घेतात.

गेल्या वर्षीची त्रिपुरी पौर्णिमा. संध्याकाळचे सहा. दहिवलीचा नाका.

गावातल्या संतोषने त्या वर्षी नवीन टूम काढली होती. 'रोषणाई दर्शन'. एक बस, एक माईक, आणि कर्जतपासून खोपोली-खालापूरपर्यंत जे जे दिव्यांनी लखलखतं ते सगळं दाखवून साडेनऊला घरी. देवळांच्या दीपमाळा, नदीवरचा पूल, घाटात चढणाऱ्या गाड्यांचे दिवे. मुंबईत गाइड असतो, मग आपल्याकडे का नको, असं त्याचं म्हणणं. एका पाण्याच्या टाकीला कुणीतरी निळी माळ सोडली होती. संतोषने तीही प्रेक्षणीय स्थळांत घातली.

छायाकाकू जायला तयार नव्हत्या. लेक अक्षदा पहिल्या बाळंतपणाला माहेरी आलेली. सातवा महिना.

"पुनवेचं, दिवेलागणीला, पोटुशीनं बाहेर पडू नाय," काकू म्हणाल्या.

"मग दिवे बघायला काय दुपारी जाऊ?" अक्षदा म्हणाली.

लेक जिंकली.

आता छायाकाकूंचं एक कसब सगळ्या आळीला ठाऊक आहे. एसटी फलाटाला लागायच्या आत त्या खिडकीतून रुमाल आत टाकतात. ज्या सीटवर रुमाल पडला ती काकूंची. कुणी हुज्जत घातली तर उत्तर ठरलेलं, "माणूस येणार हाय." तो माणूस कधी येत नाही. त्याच्या जागेवर काकूंची पिशवी बसते.

त्या दिवशीही तेच. डाव्या बाजूची तिघांची सीट. खिडकीशी अक्षदा, कडेला काकू आणि मधे रुमाल. निळ्या काठाचा, पांढरा.

खरं तर मधली सीट काकांचीच होती. काका ऐनवेळी गुडघा धरून घरी बसले. तेवढं सांगितलं असतं तरी भागलं असतं. पण तसं सांगितलं की सीट मोकळी आहे हे कळतं, आणि मोकळ्या सीटवर शेजारच्या विमलबाई बसतात. विमलबाई बसल्या की लेकीला पाय पसरता आले नसते.

विमलबाई आल्याच.

"छाया, मधे बसू का गं? मागं चाकावर कंबर मोडते माझी."

"माणूस येणार हाय. पळसदरीला चढणार."

"तुझं माणूस मी तीस वर्षं बघतेय. अजून एक पण चढलेलं नाय." विमलबाई मागे जाऊन बसल्या.

एवढ्यात संतोष यादी घेऊन आला. पळसदरीला थांबायचं म्हणजे त्याला नाव हवं होतं.

"कोण चढणार, काकू? नाव सांगा."

काकूंनी तोंड उघडलं. वहिनीचं सांगावं, मावसबहिणीचं सांगावं, दहा नावं होती.

पण तोंडातून आलं...

"सोमी."

संतोषने लिहून घेतलं. बस सुटली.

काकू रुमालाकडे बघत राहिल्या. हे नाव त्यांनी पंचवीस वर्षांत उच्चारलं नव्हतं.

कर्जतच्या देवळाची दीपमाळ झाली. पुलावरचे दिवे झाले. टाकीपाशी संतोषने माईकवरून पाच मिनिटं भाषण केलं आणि लोकांनी टाकीचे फोटोही काढले. अक्षदा हसत होती. काकू नव्हत्या हसत.

सांगायला हवं होतं की कुणी येणार नाही, गाडी थांबवू नको. पण मागे विमलबाई बसल्या होत्या. खोटं उघडं पडलं असतं.

पळसदरीचा फाटा आला. बस थांबली.

संतोषने गाणं बंद केलं. दार उघडलं.

बाहेर चांदणं होतं. रस्त्यावर कुणी नाही. झाडाखाली कुणी नाही. दूर रुळांच्या बाजूला एक कुत्रं भुंकत होतं... ते मधेच गप्प झालं.

एक मिनिट गेलं.

काकूंना वाटलं, सुटले. आता संतोष वैतागेल, दार लावेल.

मग संतोष दारातून वाकून म्हणाला...

"सावकाश. पायरी उंच आहे."

त्याने हात पुढे केला. हाताला वजन लागल्यावर माणूस जसा मागे रेलतो, तसा तो जरा रेलला. मग दार लावलं.

"झालं. चला रं."

बस निघाली. काकूंनी मधल्या वाटेकडे पाहिलं. वाट रिकामी.

अक्षदाने पाय आखडून घेतले. मधे कुणाला तरी बसायला जागा द्यावी तसे.

आणि मधली सीट... हळूच खाली दबली.

एकदम नाही. आधी पाठीचा दांडा करकरला, कुणी हाताने धरल्यासारखा. मग गादी इंचाइंचाने बसत गेली. जड अंगाची बाई टेकते तशी.

मग वास आला. शेवळांचा. पावसाच्या तोंडावर रानात उगवणाऱ्या त्या भाजीचा वास ज्याने घेतलाय तो विसरत नाही. ओला, उग्र, घशात खाज आणणारा.

कार्तिकात शेवळं कुठून येणार...

सोमी शेवळं घेऊन यायची. ठाकूरवाडीकडच्या वाडीतली. दर जूनला टोपली घेऊन दहिवलीत दारोदार फिरायची. छायाकाकूंच्या दारात जास्त वेळ जायचा, कारण काकू प्रत्येक जुडी उलटीपालटी करून बघायच्या. सोमी ओट्यावर टेकून हसत बसायची.

पंचवीस वर्षांपूर्वी काकू लहानग्या अक्षदाला घेऊन खोपोलीला माहेरी निघाल्या होत्या. एसटी गच्च भरलेली. मांडीवर पोर. शेजारच्या सीटवर रुमाल, आणि रुमालावर लोणच्याची बरणी.

पळसदरीला सोमी चढली. एकटीच. पोट पुढे आलेलं, दिवस भरलेले. एका हाताने दांडा, एका हाताने कंबर धरलेली.

"बाय, बसू काय? बरणी मांडीवर घेते मी."

काकूंनी तिच्याकडे पाहिलं. ओळखलं. घरचं लोणचं, घाण्याचं तेल, बरणी हिंदकळली तर... आणि तोंडातून सवयीने गेलं,

"माणूस येणार हाय."

केळवली गेलं, डोळवली गेलं. माणूस आला नाही. सोमीने पुन्हा विचारलं नाही. ती दांड्याला धरून उभी राहिली आणि सगळा वेळ काकूंच्या मांडीवरच्या पोरीकडे बघत राहिली. खोपोलीला उतरताना पोरीच्या गालाला बोट लावून गेली.

पुढच्या जूनला शेवळं घेऊन सोमीची जाऊ सुनिता आली. एसटीने खोपोलीला गेली त्याच दिवशी सोमी बाळंतपणात गेली, म्हणाली. पोरही गेलं. आईच्या मांडीवर घालायच्या आतच गेलं.

काकूंनी त्या वर्षी घासाघीस केली नाही. पुढे शेवळं घेणंच सोडलं.

उभं राहून कुणी मरत नाही. वाडीतून रस्त्यापर्यंत ती चालतच आली असेल, ते नाही मोजायचं? दवाखान्यात उशिरा पोचली, ते नाही? काकूंनी हा हिशेब पंचवीस वर्षं पुन्हा पुन्हा मांडला होता. दर वेळी जमत आल्यासारखा वाटायचा.

आणि आता त्यांचा डावा दंड गार पडत चालला होता. मधल्या सीटला चिकटलेला तेवढाच.

महडला बस थांबली. देवळाभोवती पणत्याच पणत्या. तळ्याच्या पाण्यातही पणत्या. सगळे उतरले.

"तू जा आई," अक्षदा म्हणाली. "पाय सुजलेत माझे. मी इथूनच बघते."

काकूंनी लेकीला ओढून उतरवायला हवं होतं. नाहीतर तिथंच बसून राहायला हवं होतं.

त्यांनी यातलं काहीच केलं नाही. त्या उठल्या आणि उतरल्या.

त्या सीटवर आणखी एक क्षण बसवेना म्हणून लेकीला तिथं सोडून उतरल्या. हे त्यांनी आयुष्यात एकदाच कबूल केलंय, तेही जमिनीकडे बघत.

खाली विमलबाई भेटल्या. पदर सावरत, हसत.

"हरले बाई मी. या वेळी खरंच चढलं की गं तुझं माणूस."

काकू थांबल्या.

"दिवस भरलेत वाटतं बिचारीचे. अवघडून बसली होती. जागा धरलीस ते बरं केलंस हो. असलीला उभी कशाला ठेवायची?"

म्हणजे विमलबाईंना दिसली होती. संतोषला दिसली होती. अक्षदालाही...

फक्त छायाकाकूंना नाही.

त्यांनी मागे वळून पाहिलं. बसमधला दिवा चालू होता. खिडकीत अक्षदा. पण तिचं तोंड पणत्यांकडे नव्हतं. आतल्या बाजूला होतं. ती कुणाशी तरी बोलत होती. हसत होती. मग गंभीर होऊन ऐकू लागली.

आणि मग अक्षदाने मान हलवली. होकाराची.

काकू धावल्या. गुडघे, चप्पल, गर्दी, काही बघितलं नाही.

बसमध्ये अक्षदा एकटी होती. मधली सीट रिकामी. गादी अजून हळूहळू वर येत होती...

अक्षदाच्या मांडीवर रुमाल होता. चार घड्या घातलेला.

"हा कुणी उचलला?"

"त्या मावशींनी. म्हणाल्या, आईचा आहे, तिला दे."

"कुठं गेली ती?"

"आत्ताच उतरल्या. दारात भेटल्या नाहीत तुला?"

दारातून काकूच चढल्या होत्या. बसला दुसरं दार नव्हतं.

"काय म्हणाली? तू मान कशाला हलवलीस?"

"आई, दम खा जरा. बाळाची चौकशी करत होत्या. सगळ्याच बायका करतात."

एवढंच. पुढे अक्षदा बोललीच नाही. काकूंनी परतीच्या वाटेत विचारलं, घरी विचारलं, दुसऱ्या दिवशी शपथ घालून विचारलं. ती म्हणे, काही नाही गं. पण अशी म्हणे की काहीतरी आहे हे कळावं.

पुढचे दोन महिने काकूंनी काय नाही केलं. लिंबं उतरवली, बिब्बा बांधला, घराच्या चारी कोपऱ्यांत मीठ ठेवलं. सुनिताचा पत्ता काढून वाडीवर जाऊन आल्या. सोमीच्या नावाने साडी-चोळी ठेवून आल्या. सुनिता म्हातारी झाली होती. तिने साडी घेतली आणि म्हणाली, "तिला लुगड्याची हाव नव्हती गं बाय."

मग कशाची होती, हे काकूंनी विचारलं नाही.

जानेवारीत अक्षदा बाळंत झाली. मुलगी. सुखरूप. तीन किलोला थोडी कमी. काकूंनी बाळाची बोटं मोजली, श्वास मोजले, आणि पहिल्यांदा पोटभर जेवल्या.

बारसं झालं. महिना झाला. काहीच घडलं नाही.

मग एक दिवस दिवेलागणीला बाळ रडायला लागलं. पाळणा आतल्या खोलीत. अक्षदा स्वयंपाकघरात पोळ्या लाटत होती. काकू देवापाशी वात लावत होत्या. काका बाहेर ओट्यावर.

बाळ जीव तोडून रडत होतं.

आणि एकदम गप्प झालं. हुंदकाही नाही. कुणीतरी उचलून घ्यावं आणि पोराने थांबावं, तसं.

काकूंनी स्वयंपाकघरात पाहिलं. अक्षदाचं लाटणं थांबलं नव्हतं.

"अक्षे," काकू हलक्या आवाजात म्हणाल्या, "त्या दिवशी तू कशाला हो म्हणालीस?"

अक्षदाने पोळी तव्यावर टाकली. मग सांगितलं.

"म्हणाल्या, 'बसायला मिळालं, बरं वाटलं. बाळ झालं की घटकाभर माझ्या मांडीवर देशील?' मी म्हटलं, देईन की. एवढ्याशा गोष्टीला नाही कशाला म्हणायचं?"

"घटकाभरच म्हणाली ना?"

"घटकाभरच."

काकूंनी तो शब्द धरून ठेवला. घटकाभर म्हणजे थोडा वेळ, फार तर चोवीस मिनिटं. थोड्या वेळाने परत देणार, असाच त्याचा अर्थ.

तेव्हापासून रोज दिवेलागणीला तेच होतं. बाळ रडतं... आणि गप्प होतं. काकूंची नजर भिंतीवरच्या घड्याळावर. फेब्रुवारीत ती शांतता दोन मिनिटं टिकायची. मार्चमध्ये दहा. पंधरा. मग बाळ पुन्हा रडायचं, आणि त्या रडण्याने काकूंच्या जिवात जीव यायचा.

परवा पंचवीस मिनिटं झाली. तरी आवाज नाही.

काकू खोलीच्या उंबऱ्यापर्यंत गेल्या. दार लोटलेलं. आतून शेवळांचा वास, आणि कुणीतरी मांडी हलवत असल्यासारखी जमिनीवर बारीक थाप... थाप... थाप...

त्यांनी दाराला हात लावला.

"आई," मागून अक्षदा म्हणाली. आवाज शांत. हाताला पीठ. "बसू दे तिला."

थाप थांबली.

काकूंनी हात काढून घेतला. आत जायचं धाडस त्यांना अजून झालेलं नाही. रोज संध्याकाळी त्या उंबऱ्याशी जाऊन उभ्या राहतात, आणि बाळ रडायची वाट बघतात.

काल बत्तीस मिनिटं उभ्या होत्या.