काचेतल्या लेकीची ओटी

फाल्गुन लागला होता. वारंगा फाट्यामागच्या शेतांत हळद शिजत होती आणि तिचा ओला, कडवट वास हॉटेलाच्या पत्र्यापर्यंत येत होता. वाळलेल्या हळदीची पोती ठेवायला जागा पाहिजे होती. आभाळाचा काय भरवसा! म्हणून मनकर्णाबाई त्या दिवशी गिऱ्हाइकांची जेवणं उरकल्यावर हॉटेलामागची खोली झाडायला निघाली. काम एवढंच. खोली झाडायची आणि कोपऱ्यातलं गेमचं मशीन भंगारवाल्याच्या हवाली करायचं.

हे मशीन तिच्या मालकानं, म्हणजे नवऱ्यानं, पंचवीस वर्षांमागं नांदेडहून आणलं होतं. खिचडी चुलीवरून उतरेपर्यंत ट्रकवाल्यांचा वेळ जावा म्हणून. कपाटाएवढं खोकं, त्याला काच, आणि काचेत दोघं जण एकमेकांना बदडणारे. खेळणाऱ्यानं आपला गडी निवडायचा. आठ-दहा पैलवान होते, एकेक डोंगरासारखा. आणि बाई एकच. हिरवे कपडे, कमरेला पांढरा पट्टा, अन् गुडघ्याखाली लोंबणारी वेणी. गरकन फिरली की वेणी चाबकासारखी सुटायची आणि समोरचा धिप्पाड गडी उताणा पडायचा. जिंकल्यावर ती हसायची न्हाई की नाचायची न्हाई. नुसता तीनदा पाय आपटायची. थप. थप. थप.

तिचं नाव खाली इंग्रजीत यायचं. मनकर्णाबाईला मराठीही वाचता येत नव्हतं, तिनं आपल्यापुरतं तिचं नाव ठेवलं, वेणीवाली. दुपारी हॉटेल रिकामं असलं की हळदीनं पिवळा झालेला अंगठा बटणावर ठेवून बाई स्वतःच खेळायला उभी राहायची. एका मिशाळ ड्रायव्हरला तिनं लागोपाठ तीनदा लोळवलं, तर तो खिचडी न खाताच गाडीत जाऊन बसला. तिचा मालक पोट धरून हसला होता. म्हणाला, "ही तुझी लेक शोभती बघ."

तो बोलून गेला, पण बाईच्या काळजात ते रुतून बसलं. तिला उत्तमराव हा एकच लेक. मुलगी झाली न्हाई. कुणाची ओटी भरून सासरी पाठवणं, पंचमीला वाट बघणं, डोईला तेल लावून देणं, हे सगळं तिनं दुसऱ्याच्याच ओसरीवर बघितलं. पुढं मालक गेला, घरोघरी मोबाइल आले, मशीनही एक दिवस बंद पडलं ते पडलंच. त्याच्यावर पोतं टाकलं, त्याला पंधरा वर्षं झाली.

त्या दुपारी बाईचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. कारण होती नात शिवकन्या. नववीतली पोरगी. एसटीनं फाट्यावर उतरायची आणि हळदीच्या शेतांमधून दीड कोस चालत आखाड्यावर, म्हणजे शेतातल्या घरी, जायची. दिवाळीपासून एक मोटारसायकलवाला तिच्या मागं लागला होता. बोलायचा न्हाई, हात लावायचा न्हाई, नुसती गाडी हळूहळू मागून आणायचा. उत्तमरावानं सकाळीच सांगून टाकलं होतं, "परीक्षा झाली की शाळा बंद. सोयरीक बघतो."

पोरगी न जेवता शाळेला गेली होती.

भंगारवाला हिरासिंग टेम्पो घेऊन आला. पोतं काढलं तर काचेवर बोटभर धूळ. बाईनं पदरानं काच पुसली. आत काळोख होता. पण त्या काळोखाकडं बघता बघता तिला वाटलं, लेक चाललीय घरातून, आणि रिकामीच चाललीय.

ती उठली. सुपात तांदूळ घेतले, नारळ, खण, एक हळकुंड.

"आत्याबाई, काय करून राहिल्या?" सून संगिता घाबरून कुजबुजली. "आणि तुमी... तुमी कशी भरणार ओटी?"

विधवेनं ओटी भरू नये, हे तिला म्हणायचं होतं.

"मग तू भर."

"मशीनची? लोक हसतील ना!"

"मग मीच भरते. तिनं कुठं नको म्हणलंय?"

बाईनं काचेला हळदकुंकू लावलं. ओटीचं गाठोडं बांधून बटणांपाशी ठेवलं, आणि सगळ्या आया म्हणतात तसं म्हणाली, "जाते म्हणू नको बाई. येते म्हण. हे घर तुझंच हाय."

हिरासिंग हसला. "मौशी, भंगाराची ओटी भरलेली पयल्यांदाच बघून राहिलो. उद्या पंख्याचं बारसं करशाल!"

"तुझ्या टेम्पोचं करते, तू चल."

टेम्पो गेला. वीज गेलेली होती, हॉटेलात चिटपाखरू नव्हतं, बाहेर ऊन मी म्हणत होतं. बाई रिकाम्या खोलीच्या उंबऱ्यात बसली. फरशीवर मशीनच्या जागी काळा चौकोन उरला होता. मघापर्यंत खोलीत हळदीचा वास होता. आता तो हळूहळू मागं सरला आणि दुसराच वास आला. तापलेल्या काचेचा, करपलेल्या धुळीचा. मशीन दिवसभर चालू राहिलं की यायचा, तोच.

थप.

बाईनं मान वळवली. चौकोन रिकामा.

थप... थप...

ती उठली न्हाई. पळावं असं तिला वाटेना. ती एवढंच म्हणाली, "आलीस? लई लवकर आलीस..."

मग काहीच वाजलं न्हाई.

त्यानंतर चौथ्या दिवशी, दुपारी तीनच्या सुमाराला, हॉटेलासमोर एक पोरगा आला. वीस-बावीसचा, अंगभर माती, मोटारसायकल हातानं ढकलत आणलेली. डाव्या गालावर लांब वळ उठला होता. साधा वळ नव्हता. तीन पेडांचा होता, वेणीसारखा, अगदी बारीक पीळसुद्धा दिसत होता. उत्तमराव गल्ल्यावर बसला होता. त्यानं गाडी ओळखली आणि ताडकन उठला.

पण पोरगा त्याच्याकडं बघेचना. सरळ मनकर्णाबाईपुढं गेला.

"आजी... पाणी द्या."

बाईनं तांब्या दिला. त्याचे दात तांब्यावर वाजत होते.

"तुमच्या नातीसंगं ती बाई कोण असती?"

"कंची बाई?"

"हिरव्या कपड्याची... वेणी अशी, खालपर्यंत. मला वाटलं पोरगी एकलीच हाय. मग ती मधी आली. चालत न्हाई आली, आजी... नुसती मधी आली. मी ब्रेक मारला, तवर..." त्यानं गालाला हात लावला. "मी पडलो तर तिनं पाय आपटले. तीन बार. आन् पोरगी पुढंच चालून राहिली, तिनं मागं बघितलंच न्हाई..."

मशीन बंद पडलं तेव्हा हा पोरगा पाच-सात वर्षांचा असेल, कुठल्या तरी दूरच्या गावात. त्यानं ते कधी बघितलंसुद्धा नव्हतं.

बाईनं रिकामा तांब्या परत घेतला. शांतपणे म्हणाली, "ती माझी लेक हाय. माहेराला आलीय. आता इथंच राहती म्हणं."

पोरगा गाडी तिथंच टाकून निघून गेला. तीन दिवसांनी त्याचा बाप येऊन गाडी घेऊन गेला, तोही मान वर न करता.

त्या दिवशी पोरगा गेला तसा उत्तमराव आईजवळ आला. "आई, मला बहीण कवा झाली?"

"तुला काय तकलीफ हाय का तिची?"

"न्हाई..."

"मग पोरीची शाळा?"

उत्तमरावानं त्या वळाचा विचार केला असावा. "जाऊ दे तिला," तो म्हणाला. "एकली कुठं चाललीय आता."

संध्याकाळी शिवकन्यानं दोन भाकरी खाल्ल्या. वाटेत काही दिसलं का, तर म्हणाली, काहीच न्हाई. "पण आजी, आजकाल वाटेला भ्या वाटत न्हाई बघ. काहून काय म्हाईत."

पुढच्या रविवारी मनकर्णाबाई हॉटेलातून लवकरच आखाड्यावर परतली. भर दुपार, सगळे हळद पसरायला खळ्यावर. रात्री नातीच्या डोक्याला लावायला म्हणून तिनं सकाळीच ओसरीवर वाटीभर तेल आणि फणी काढून ठेवली होती. बघते तर वाटी कोरडी ठणठणीत, आणि फणीत एक केस अडकलेला.

बाईनं तो ओढला. निघता निघेना. शिवकन्याचे केस मानेपर्यंत कापलेले. संगिताचे टायफॉइडपासून खांद्याखाली गेले न्हाईत. बाईचे स्वतःचे तर पांढरे. हा काळाभोर, तेलानं ओला, ओसरीच्या या खांबापासून त्या खांबापर्यंत पोचला आणि तरी फणीत शिल्लकच होता.

तिनं केस फेकला न्हाई. बोटाला गुंडाळत गुंडाळत ती बसली, वाटी पुन्हा तेलानं भरली आणि आतल्या अंधाऱ्या खोलीकडं पाठ करून म्हणाली,

"स्वतःच काहून लावून घेतलं गं? मी येईस्तोवर थांबायचं की."

मागं, अगदी जवळ, कुणीतरी जमिनीवर बसल्याचा आवाज झाला.