द्यायची राहिलेली काठी

शके १८३३, इंग्रजी १९११ साल. भाद्रपद वद्य पंचमी. पाऊस ओसरला होता, धुई ओसरली नव्हती. जव्हारच्या पठारावर त्या दिवसांत धुई सकाळी चढते आणि मनात आलं तर दिवसभर उठत नाही. नागलीची कणसं निसवली होती, आणि राखणीला बसलेल्या माणसाला स्वतःचा बांध दिसत नव्हता.

जिव्या वाटाड्याच्या घरी पहाटेपासून त्याच्या लेकीला, चैतीला, कळा येत होत्या. पहिलटकरीण. जावई डहाणूकडे लाकूडतोडीला गेलेला. शेजारची सुकरी सुईण म्हणून उशाशी बसली होती. जिव्या उंबऱ्यात घुटमळत होता. त्याची बायको बायडी म्हणाली, "इथं उभा राहून तू काय करणार? दरबारचं बोलावणं हाय. जा." जिव्याने अंधारात आढ्याला हात घातला, हाताला लागली ती काठी ओढली आणि निघाला.

काम साधं होतं. ठाण्याहून गुप्ते नावाचे कारकून आले होते. त्यांना वकील आळी दाखवायची. पठाराच्या कडेला एका रांगेत सात घरं. जुन्या काळी दुसऱ्या संस्थानांचे वकील शिवेचं, जंगलाचं, जकातीचं बोलणं करायला येत, तेव्हा तिथे उतरत. एक घर सरकारी साहेबाचं, एक दमणच्या फिरंग्यांचं, असं. पुढे बोलणी टपालाने होऊ लागली आणि घरं ओस पडली. हिवाळ्यात दरबाराकडे पाहुणे यायचे होते. कुठलं घर राहण्याजोगं उरलंय, तिथे पूर्वी कोण उतरत असे, हे गुप्त्यांना लिहून न्यायचं होतं.

आळीत पाहुण्याने एकट्याने फिरायचं नाही, हा जुना दंडक. डाव्या हाताला घरं, उजव्या हाताला कडा, मधे पाच हात वाट. वाटाड्या पुढे चालतो. पायरी आली, वळण आलं, की हाक देतो, आणि पाहुण्याने मागून 'आलो' म्हणायचं. सहा घरं जिव्याच्या गावाकडे. मग शिवेचा दगड. पलीकडचं सातवं घर आणि घाटाची उतरण दुसऱ्या गावाकडे. दगडापाशी आपली काठी पलीकडच्या वाटाड्याच्या हातात द्यायची. काठी दिली म्हणजे पाहुणा दिला. काठीशिवाय कोणी पाहुणा घेत नाही, आणि काठी दिल्याशिवाय कोणी माघारी फिरत नाही. पाहुणा मुक्कामी पोहोचला की सुपारी देतो. पलीकडचा वाटाड्या दुसऱ्या दिवशी काठी आणि सुपारी आणून देतो. सुपारी हातात पडली की काम संपलं.

गुप्ते अंगाने जाड, स्वभावाने मोकळे. एका हातात छत्री, बगलेत वही. पहिल्या दोन हाकांना ते 'आलो' म्हणाले, तिसरीला हसले. म्हणाले, "मुंजीतल्या बटूसारखं सारखं पाठोपाठ काय म्हणायला लावतोस रे?"

"म्हणा, रावसाहेब. मला मागं बघता येत नाय."

साहेबाच्या घराच्या काचा फुटल्या होत्या. नहाणीच्या टाकीत बेडूक बसला होता. फिरंग्यांच्या दारावरचा लाकडी क्रूस वाळवीने अर्धा खाल्ला होता. गुप्ते थांबत, आत डोकावत, लिहीत. जिव्या सांगायचं ते सांगत होता आणि कान आपल्या घराकडे लावून होता. धुई दाट होत चालली. घराचं दार दिसे, घर दिसत नसे. ओल्या भिंतींचा आणि वटवाघळांच्या विष्ठेचा वास साचून राहिला होता.

तिसऱ्या घरापाशी जिव्याच्या तळहाताला काहीतरी गार लागलं. त्याने पाहिलं. काठीला पितळी कडं होतं. त्याच्या काठीला कडं नव्हतं.

ही बापाची काठी होती. बाप गेला तेव्हापासून ती आढ्यात होती. तिला कोणी हात लावत नसे.

जिव्याचा बाप लाडक्या हाही याच आळीचा वाटाड्या. बेचाळीस वर्षांपूर्वी, याच दिवसांत, तो उत्तरेकडच्या एका वकिलाला सातव्या घरी न्यायला निघाला होता. दगडापाशी पोहोचला आणि घरून हाक आली, बायको अडली म्हणून. पलीकडचा वाटाड्या नवशा अजून यायचा होता. लाडक्याने वकिलाला दगडावर बसवलं, 'बसा, आलोच' म्हणाला, आणि काठी घेऊनच घराकडे धावला. नवशा आला. त्याने दगडावर बसलेला माणूस पाहिला. काठी नव्हती. काठीशिवाय पाहुणा घ्यायचा नाही. नवशा वाट पाहून माघारी गेला. वकील बसून राहिला. मग कधीतरी उठून एकटाच निघाला असावा. तिसऱ्या दिवशी कड्याखाली सापडला.

त्या दिवशी जिव्या जन्मला.

लाडक्याला कोणी शिक्षा केली नाही. पण मरताना तो एवढंच बोलत होता, "एकाला बसवून आलोय. काठी द्यायची राहिली." जिव्याची आई माघी मात्र म्हातारपणी भलतंच सांगे. म्हणे, "मी कुणाला धाडलं नव्हतं. माझ्या कळा सुरू व्हायच्या आधीच तुझा बाप धावत आला." जिव्या म्हणे, म्हातारीचं डोकं चालत नाही.

चौथ्या घराच्या पायऱ्या आल्या. जिव्याने हाक दिली, "पायरी हाय."

"आलो," गुप्ते म्हणाले.

आणि चार-पाच पावलं मागून, कोरड्या घशाचा आवाज आला, "आलो…"

जिव्या थांबला नाही. पाय थांबू पाहत होते, त्याने थांबू दिले नाहीत. पुढच्या वळणाला हाक दिली. पुन्हा दोन आवाज. दुसरा जरा जवळ.

गुप्ते म्हणाले, "तुझा माणूस बरा आहे. मी थांबलो की थांबतो. अत्तरही लावतो वाटतं. केवडा ना?"

वास जिव्यालाही आला होता. ओल्या लोकरीचा, आणि त्यात केवडा. बापाने सांगितलं होतं, वकिलाच्या शालीला केवड्याचा वास होता.

"माझाच हाय," जिव्या म्हणाला. "मागं बघू नका, रावसाहेब. नुसतं चालत राहा."

त्याच्या आवाजात असं काही होतं की गुप्त्यांनी चेष्टा केली नाही. पाचव्या घरात ते डोकावले नाहीत. सहाव्याचं नाव विचारून घाईने लिहिलं. शाई धुईने पसरली.

शिवेचा दगड आला. पलीकडे कोणी नव्हतं. तुका, म्हणजे त्या नवशाचाच मुलगा, अजून पोहोचला नव्हता. जिव्या उभा राहिला. गुप्ते त्याच्या शेजारी येऊन उभे राहिले. मागची पावलं थांबली.

तेवढ्यात आल्या वाटेवरून, लांबून, सुकरीचा आवाज आला.

"जिव्या… ए जिव्या… पोर अडली रं… दवाखान्यात न्यायची… डोली धरायला माणूस नाय…"

जिव्याचं घर हाकेच्या टप्प्यात. धावत गेलं तर विडी ओढून होईस्तोवर पोहोचेल. चैती त्याची एकुलती. तिच्या आधीची दोन गेली होती.

"ऐकलंस ना?" गुप्ते म्हणाले. "मलाही मुली आहेत. जा तू. मी बसतो इथे या दगडावर. पलीकडचा माणूस येईलच की."

जिव्याने दगडाकडे पाहिलं. सगळा दगड धुईने भिजून काळा झाला होता. मधे मात्र, एका माणसाला बसायला लागेल एवढी जागा कोरडी होती.

गुप्ते बसायला वाकले. जिव्याने त्यांचा दंड धरला. कारकुनाच्या अंगाला हात लावण्याची त्याची रीत नव्हती, तरी धरला.

"बसू नका."

"अरे पण तुझी पोरगी…"

"बसू नका म्हणतो."

पुन्हा हाक आली. जवळून. "जिव्या… मेली तर तोंड बघायला येशील का…"

वाटेकडे तोंड न वळवता जिव्या ओरडला, "सुकरे, गावातून कुणाला तरी उठव. मी काठी देऊन येतो."

हाका थांबल्या. कुठे कुत्रं नाही, पाखरू नाही. गुप्त्यांचा श्वास ऐकू येत होता. आणखी एक श्वास ऐकू येत होता. जिव्या दोन्ही हातांनी काठी धरून उभा राहिला आणि मनात लेकीचं नाव घेत राहिला. किती वेळ ते त्याला सांगता आलं नसतं. काठीचं कडं आधी गार होतं, ते हातात ऊन झालं.

मग पलीकडून काठी आपटल्याचा आवाज आला. धुईतून तुका बाहेर पडला. उशीर झाला म्हणून काहीतरी पुटपुटला आणि रीतीप्रमाणे विचारलं, "किती?"

जिव्या म्हणाला, "दोन."

तुकाने गुप्त्यांकडे पाहिलं. त्यांच्या मागे पाहिलं. मग त्याची नजर काठीच्या पितळी कड्यावर गेली आणि तिथेच राहिली. त्याच्या घरातही ती गोष्ट होती. त्याचा बाप नवशा मरेपर्यंत त्या दगडाकडे पाठ करून जात असे.

"एक दिसतो," तुका हळूच म्हणाला.

"दोन हायत. घे."

तुकाने हात पुढे केला, मागे घेतला. ओठांवरून जीभ फिरवली. काठीशिवाय पाहुणा घ्यायचा नाही. पण काठी समोर आली तर नाही म्हणायचं नाही, हाही दंडकच होता. त्याने काठी धरली.

"घेतले," तो म्हणाला. "दोन्ही."

काठी सुटली तेव्हा जिव्याचे हात एकदम हलके झाले. गुप्ते काही न विचारता तुकाच्या मागे निघाले. छत्री त्यांनी मिटून छातीशी धरली होती. जिव्या वाटेच्या कडेला, घराच्या भिंतीला अंग चिकटवून उभा राहिला. त्याच्या समोरून केवड्याचा वास गेला. पाऊल वाजलं नाही.

धुईत तुकाचा आवाज आला, "पायरी हाय."

"आलो."

"आलो…"

मग लाकडी दार उघडल्याचा लांब आवाज झाला. सातव्या घराला कुलूप होतं, हे जिव्याला ठाऊक होतं. तो वळला आणि धावत सुटला.

अंगणात पोहोचला तेव्हा आतून मूल रडत होतं. मुलगी. चैती भिंतीला टेकून पेज पीत होती. घामाने निथळलेली, पण डोळे उघडे. जिव्या उंबऱ्यावर बसला तो त्याला उठवेना. बायडी म्हणाली, "असा का आलास, वाघ बघितल्यासारखा?"

त्याने सुकरीला विचारलं, अडली होती ती सुटली कशी?

सुकरी हात धूत होती. म्हणाली, अडली कुठे होती? सुखानं झालं सगळं.

"मग हाक कशाला मारलीस?"

सुकरीने बायडीकडे पाहिलं. बायडी म्हणाली, "ती पहाटेपासून इथनं उठली नाय, जिव्या."

जिव्याला म्हाताऱ्या आईचं बोलणं आठवलं, मी कुणाला धाडलं नव्हतं. त्याने दाराला आतून अडसर घातला. तेव्हा दुपार होती.

दुसऱ्या दिवशी धुई उठली. तुका काठी घेऊन आला. एका रात्रीत त्याचा चेहरा उतरला होता. त्याने कनवटीच्या दोन सुपाऱ्या काढून जिव्याच्या पुढे ठेवल्या.

"ही रावसाहेबांची. रात्री आमच्या गावात राहिले, सकाळी घाट उतरून गेले."

दुसरी सुपारी काळी पडली होती. फार दिवस पाण्यात राहिल्यासारखी फुगलेली. तिला केवड्याचा वास होता.

"सातव्याचं कुलूप तसंच हाय," तुका म्हणाला. "ही आतून, दाराखालून आली."

जिव्याने ती सुपारी उचलली, गावाबाहेर बापाच्या आठवणीला उभा केलेला दगडी चिरा होता तिथवर चालत गेला आणि चिऱ्यापुढे ठेवली.