भिजलेलं फ्लुइड मेकॅनिक्स

प्राध्यापिका बाई इतक्या तापल्या होत्या, की भिजलेला कागद त्यांच्या गालाशी धरला असता तर तो तिथल्या तिथे वाळला असता.

हातातला गठ्ठा त्यांनी टेबलावर आदळला. फचकन पाणी उडालं.

“फ्लुइड मेकॅनिक्सचं पाठ्यपुस्तक आहे हे! हातानं लिहिलेली एकुलती एक प्रत. आज छापायला जायची होती. आणि नळ उघडा ठेवला म्हणून बिचाऱ्या शिपायाला घरी पाठवतायत!”

तपासाला आलेल्या तरुणीला सगळे टाचणी म्हणत. बोलणंच तसं होतं. तिनं गठ्ठ्याचं तळचं पान बोटानं वाजवलं. करकरीत वाजलं. तिचा थोरला भाऊ दारात जांभई देत उभा होता.

“गठ्ठा कुठे होता?” टाचणीनं विचारलं.

“या कपाटात, खालच्या फळीवर!” बाईंनी मान झटकली. अंबाड्यात खोचलेली गोल शिसपेन्सिल कपाटापाशी पडली, ती घरंगळत थेट पलीकडच्या बेसिनखाली.

“दादा, आण.”

“दरवेळी मीच का?” म्हणत दादा रांगला.

शिपाई धुमसत होता. “नळ मी बंद केला होता. नोकरी घ्या, पण न केलेलं पाप माझ्या माथी मारू नका!”

प्रकाशक वैतागला होता. “सकाळी आलो तर बेसिनपाशी तळं. बूट भिजले. इथे कपाटापाशी फतकल मारून मोजे पिळले.”

“आणि पँट?” टाचणीनं विचारलं.

“पँटला काय झालंय?”

शेवटी विभागप्रमुख सर. कॉलेजात सर्वांना यांचंच पुस्तक लागतं.

“त्यातली चुकीची गणितं घोकून पोरं नापास होतात,” बाई कडाडल्या, “म्हणून तर मी लिहायला बसले!”

सर शांत. “नळ उघडा राहिला असं धरून चालू. बेसिन भरलं, पाणी पसरलं, कपाटात शिरलं. मी सर्वांत आधी आलो. शिरताना या डोळ्यांनी पाहिलं.”

“झूट!” टाचणी म्हणाली. “पाणी जमिनीवरून आलं असतं तर तळची पानं आधी भिजली असती. ती कोरडी आहेत, वरची चिंब. पेन्सिल कपाटाकडून बेसिनकडे घरंगळली, म्हणजे उतार तिकडे. प्रकाशक इथे खाली बसले, तरी पँट कोरडी. जे पाणी इथवर आलंच नाही, ते आत शिरताना तुम्ही एकट्यानं पाहिलंत. गठ्ठ्यावर ज्यानं ओतलं, त्यालाच ही थाप हवी होती. नळही तुम्हीच सोडलात.”

“पण हे तर पाणी कसं वाहतं ते शिकवणारे मास्तर!” दादा चकित.

“म्हणूनच फसले. यांच्या पुस्तकात प्रत्येक जमीन सपाट धरलेली असते.”

सर कुत्सित हसले. “असेल. पुस्तक तर गेलंच ना?”

टाचणीनं वरचं चिकटलेलं पान अलगद सोडवलं. “बाई, रागाच्या भरात तुम्ही एक पान उघडून पाहिलं नाहीत. लिहिता कशानं?”

बाईंनी दादाच्या हातातल्या पेन्सिलीकडे पाहिलं. मग पानाकडे. अक्षर न् अक्षर जागेवर होतं.

बाई शिपायाकडे वळल्या. “दोरी आणा. सरांच्या केबिनमध्ये या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत बांधा. पानं तिथे वाळतील. आणि सर, आधी यांची माफी मागा. मग दोरीखाली उभं राहून एकेक पान वाचा. मोठ्यानं!”